दोन पट्ट्या एका वेळी

घरातले माणूस गेले की त्याची जागा भरून निघत नाही, असे आपण म्हणतो. वस्तूंच्या बाबतीत मात्र आपण फार व्यवहारी असतो. पलंग गेला, तिथे कपाट आले. तांब्याचा बंब मोडीत गेला, तिथे मुलाची सायकल उभी राहिली. आमच्या खामगावच्या घरात माजघराच्या कोनाड्याखाली हातभर रुंदीची एक जागा आहे. तिथे आज शिवणयंत्र आहे. ते ठेवून पंचवीसहून अधिक वर्षे झाली. तरी दिवाळीची सफाई निघाली आणि ते यंत्र पुढे ओढले, की भिंतीला लागून फरशीवर एक पुसट चौकोन दिसतो आणि माझा हात क्षणभर थांबतो. त्या चौकोनावर वडिलांची पेटी असे.

वडिलांना आम्ही दादा म्हणत असू. ते एका जिनिंग प्रेसमध्ये काट्यावर कारकून होते. खामगाव हे कापसाचे गाव. केवळ कापसासाठी इंग्रजांनी १८७० साली जलंबपासून आमच्या गावापर्यंत आठ मैलांचा लोहमार्ग टाकला. हंगामात सगळ्या गावावर कापसाचा तंतू तरंगत असे आणि दादा संध्याकाळी घरी येत तेव्हा त्यांच्या भुवया पांढऱ्या झालेल्या असत. भुवया पुसायच्या, चहा घ्यायचा आणि पेटीचा भाता उघडायचा, हा त्यांचा नेम. गावात कीर्तन असो, भजन असो, पेटीला दादाच. शेगावची पालखी पंढरपूरहून परतताना आमच्या गावी येते. पुढच्या शेगावपर्यंतच्या वाटेवर तर माणसांचा पूर लोटतो. त्या पुरातही पेटी गळ्यात अडकवून चालणारे दादा मला दुरून ओळखू येत.

ती पेटी त्यांनी एका मोडलेल्या नाटक कंपनीच्या सामानातून घेतली होती. तिच्याबद्दल त्यांना एकच अभिमान होता. कोणीही पेटीचे कौतुक केले की ते म्हणत, "यातले सूर पॅरिसचे हायत." पॅरिस नेमके कुठे आहे हे त्यांना ठाऊक नसावे. पण पेटीवाल्यांच्या जगात पॅरिस आणि जर्मनी ही देशांची नावे नसतात. ती सुरांच्या जातीची नावे असतात. तिकडून आलेल्या पितळी पत्त्यांचा आवाज गोड आणि टिकाऊ, ही त्यांची ठाम समजूत होती.

मी नऊ-दहा वर्षांचा असताना एकदा दादा न्हाणीघरात गेलेले पाहून पेटीजवळ बसलो आणि एका हाताने भाता ओढून दुसऱ्या हाताच्या दोन बोटांनी दोन पट्ट्या एकदम दाबल्या. कोणत्या, ते आता सांगता येणार नाही. एवढेच आठवते, की दोन आवाजांतून तिसरेच काही तरी बाहेर आले. जणू खोलीला आणखी एक खिडकी असल्याचे मला अचानक कळले. तो आनंद फार टिकला नाही. ओल्या हाताची एक चापट पाठीवर बसली.

"अबे, एका टायमाले दोन पट्ट्या कोन दाबते? एका तोंडातून दोन बोल निघतेत काय?"

दादांचे म्हणणे आपल्या संगीताच्या दृष्टीने खरेच होते. आपला राग एका वेळी एकाच सुरावर पाऊल ठेवत पुढे जातो. षड्ज मागे तंबोऱ्यात अखंड चालू असतो, पण गाणारा गळा एक आणि त्याची वाट एक. पाश्चात्त्यांनी निराळा रस्ता घेतला. सा, ग आणि प असे सूर त्यांनी एकमेकांच्या खांद्यावर उभे केले आणि त्या उभ्या मांडणीतून भाव निर्माण केले. तिला ते हार्मनी म्हणतात. गंमत अशी, की आपल्या पेटीचे मूळ नावच त्या शब्दावरून आलेले आहे. १८४० च्या सुमाराला पॅरिसमध्ये अलेक्झांद्र द्बें नावाच्या कारागिराने हार्मोनियमचे पेटंट घेतले. पुढे कलकत्त्याच्या द्वारकानाथ घोषांनी तिला मांडी घालून वाजवण्याजोगे रूप दिले. आपण वाद्य घेतले, नाव घेतले आणि ज्या गोष्टीसाठी ते नाव होते तेवढी नेमकी बाहेर ठेवली. तरीही आकाशवाणीने १९४० पासून १९७१ पर्यंत या पेटीला दार बंदच ठेवले. तिच्यावर मींड निघत नाही, तिचे सूर आपल्या श्रुतींत बसत नाहीत, असा आक्षेप होता. रेडिओवर गाणे लागले की दादा म्हणत, "सारंगी हाय, बासरी हाय, आपलीच पेटी काऊन नाही?" ज्या माणसाला पेटीचा हा अपमान झोंबत होता, त्यालाच पेटीवरच्या दोन पट्ट्या एकदम सहन होत नव्हत्या. माणसाच्या निष्ठा अशाच गुंतागुंतीच्या असतात.

मी पुढे शिक्षक झालो. शिकायला अकोल्याला होतो तेव्हा एकदा 'मंथन' पाहायला मिळाला. गुजरातेतल्या पाच लाख शेतकऱ्यांनी प्रत्येकी दोन रुपये देऊन काढलेला हा १९७६ चा चित्रपट. दूध उत्पादकांनी स्वतःच्या पैशाने स्वतःची गोष्ट पडद्यावर आणली, याचे मला, कापसाच्या गावच्या मुलाला, फार अप्रूप वाटले. प्रीती सागर यांनी गायलेले त्यातले गाणे वरवर साधे लोकगीत, पण त्याच्या मागे कोणीतरी फार विचारी माणूस उभा आहे असे वाटत राहिले. श्रेयनामावलीत नाव वाचले: वनराज भाटिया. ते मी वहीत लिहून ठेवले. त्या वयात आपण काय काय लिहून ठेवतो आणि विसरतो. हे नाव विसरले गेले नाही.

हळूहळू त्यांची हकीकत तुकड्यातुकड्यांनी गोळा होत गेली. १९२७ साली मुंबईत जन्म, घर कच्छी. लहानपणी देवधर मास्तरांच्या संगीतशाळेत हिंदुस्थानी गाण्याचे धडे. पुढे चायकोव्हस्कीची एक पियानोरचना कानावर पडली आणि मुलगा पियानोकडे वळला. एल्फिन्स्टन महाविद्यालयातून इंग्रजी घेऊन एम. ए. झाल्यावर लंडनची रॉयल अकॅडमी, आणि तिथून १९५४ ते १९५९ पॅरिस. पॅरिसला त्यांच्या गुरू होत्या नादिया बूलांजे. अमेरिकेचे कोपलँडही याच बाईंचे शिष्य. एवढे शिकून १९५९ साली हा माणूस परत आला. कशासाठी? हिंदुस्थानात तेव्हा पाश्चात्त्य पद्धतीची सिम्फनी लिहिणाऱ्याला कोणी उभे करत नव्हते, आणि चित्रपटसृष्टीला आठ गाणी हवी होती. त्यांनी दिल्ली विद्यापीठात पाच वर्षे पाश्चात्त्य संगीत शिकवले आणि जाहिरातींना चाली दिल्या. त्या जाहिराती मोजायच्या तर हजारांत मोजाव्या लागतील. लिरिल साबणाच्या धबधब्याखालची ती धून साऱ्या देशाच्या तोंडी बसली, पण ती पॅरिसहून शिकून आलेल्या माणसाची आहे हे कोणाच्या गावीही नव्हते.

पहिला मोठा चित्रपट मिळाला तेव्हा ते सेहेचाळीस वर्षांचे होते. श्याम बेनेगलांचा 'अंकुर', १९७४. त्यानंतर 'निशांत', 'मंथन', 'भूमिका', 'जुनून', 'कलयुग', 'मंडी', 'त्रिकाल' अशी ही जोडी चालत राहिली. 'भूमिका' हंसा वाडकरांच्या आत्मकथनावर बेतलेला. त्यात त्यांनी तीस-चाळीसच्या दशकांतल्या गाण्यांचा घाट असा उभा केला, की जुनीच तबकडी लागली आहे असे वाटावे. त्यातले एक गाणे सरस्वतीबाई राण्यांच्या गळ्यातले आहे, हे मी दादांना सांगितले तेव्हा त्यांनी कानाला हात लावला. सरस्वतीबाई म्हणजे अब्दुल करीम खाँसाहेबांच्या कन्या. दादांच्या लेखी ते एकच प्रमाणपत्र पुरेसे होते.

त्याच सुमारास पुण्यात भास्कर चंदावरकरही अशीच अनवट वाट चालत होते. सतार रविशंकरांकडून शिकलेली, नोकरी पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संगीत शिकवण्याची. १९७२ च्या 'घाशीराम कोतवाल'मध्ये त्यांनी कीर्तन, अभंग, लावणी असा आपलाच सगळा ठेवा घेतला, पण तो असा रचला, की हसता हसता अंगावर काटा यावा. १९७५ च्या 'सामना'चे संगीतही त्यांचेच. अशा माणसांना आपण 'प्रायोगिक' म्हणतो आणि बाजूला बसवतो. लग्नाच्या पंगतीत एखाद्या विद्वान पाहुण्याला मानाचा पाट द्यावा आणि वाढायला मात्र विसरावे, तसा हा प्रकार आहे.

१९८८ हे वर्ष आमच्या घरात संगीताचे वर्ष म्हणून लक्षात आहे. त्या वर्षी आम्ही दूरदर्शन संच घेतला. जानेवारीत 'तमस' दाखवले गेले. गोविंद निहलानींचे दिग्दर्शन, संगीत भाटियांचे. सुरुवातीलाच एक आर्त हाक येते. तिला गाणे म्हणता येत नाही आणि आरोळीही म्हणता येत नाही. गल्लीतले बरेच लोक आमच्याकडे पाहायला जमत. शेजारचे एक वृद्ध सिंधी दुकानदार पहिल्या दिवशी ती हाक ऐकताच उठले आणि चपला न घालताच बाहेर गेले. दुसऱ्या दिवसापासून ते आले नाहीत. फाळणीबद्दल ते कधी एक अक्षर बोलले नव्हते. त्या दिवशीही बोलले नाहीत. पण संगीत माणसाच्या आत किती खोल जाऊन उभे राहते, हे मला त्या रिकाम्या खुर्चीने शिकवले. 'तमस'च्या संगीताला पुढे राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

आणि त्याच वर्षाच्या अखेरीस रविवारी सकाळी 'भारत एक खोज' सुरू झाले. पंडित नेहरूंनी आपल्या नगरच्या किल्ल्यात कैदेत असताना लिहिलेल्या ग्रंथावर बेनेगलांनी त्रेपन्न भागांची ही मालिका केली. तिचे शीर्षकसंगीत ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातले. आरंभी नासदीय सूक्त, अखेरीस हिरण्यगर्भ सूक्त. हिंदी रूपांतर वसंत देवांचे. सृष्टीच्या आधी काय होते, असे विचारणारे ते शब्द अनेक कंठांतून येतात, आणि ते कंठ एकाच सुरावर नसतात. एक थर खाली, एक वर, मध्ये आणखी एक. वेदपठणाचा धीमेपणा तसाच, पण त्याला खोली आलेली.

दादा तेव्हा निवृत्त झाले होते. सोप्यात बसून सुपारी कातरत होते. सूक्त सुरू झाले आणि अडकित्ता थांबला.

"कोनाचं हाय हे?"

"वनराज भाटियांचं, दादा."

"पेटीवाला हाय काय?"

"पियानो वाजवतात. पॅरिसला शिकून आलेत."

दादा थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "मंग बराबर हाय. आपले सूर बी तिथलेच."

पुढचा प्रत्येक रविवार ते शीर्षकापुरते येऊन बसत. मालिका सुरू झाली की उठून जात. शिवाजी महाराजांचे भाग लागले तेव्हा मात्र ते पूर्ण वेळ बसले. जिजाऊ आमच्याच जिल्ह्यातल्या सिंदखेडराजाच्या; तेवढा हक्क ते सोडणार नव्हते.

मला त्या सूक्ताने निराळीच बाधा झाली. २६ जानेवारीला शाळेत म्हणायच्या प्रार्थनेला मी दोन थरांची चाल बांधली. पाश्चात्त्य स्वरलेखन मला येत नव्हते. पेटीवर बसून, चुकतमाकत, कानाने जुळवत गेलो. तेव्हा कळले की हे काम किती अवघड आहे. मालकंस घ्यावा तर त्यात पंचम वर्ज्य. सा-ग-प ही सोपी जोडी तिथे चालतच नाही. पंचम आणला की हार्मनी बसते आणि राग उठून जातो. पंचम टाळला की राग राहतो, पण सूर एकमेकांच्या खांद्यावरून घसरतात. मग मध्यमाला आधार धरायचा, त्यावर कोमल धैवत, त्यावर वरचा षड्ज. हे मला तीन रात्रींनी सापडले. भाटियांनी आयुष्यभर या दोन परंपरांच्या मधल्या अरुंद बांधावर उभे राहून काम केले. दोन्हीकडचे शेतकरी त्यांना आपला म्हणत नसणार, हेही मला त्याच रात्री समजले.

तीस मुले पंधरा-पंधरांच्या दोन रांगांत उभी केली. झेंडावंदन झाले, प्रार्थना झाली. मुले सुरेख गायली. प्रमुख पाहुणे उठताना माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "गुरुजी, सराव थोडा कमी पडला वाटतं. अर्धी मुलं दुसरीकडंच चालली होती." सगळे हसले. मीही हसलो. हसणे सोपे होते. त्यानंतर मी मुलांना पुन्हा कधी दोन रांगांत उभे केले नाही. आज मागे वळून पाहताना या गोष्टीची मला लाज वाटते. पाहुण्यांचा काही दोष नव्हता. त्यांच्या कानांना सवय नव्हती. पण माझी इच्छा एका वाक्याने मोडण्याइतकीच होती. भाटियांना अशी वाक्ये किती ऐकावी लागली असतील? ते पुन्हा कामाला बसत गेले. मोठा कलावंत आणि हौशी माणूस यांत फरक बुद्धीचा असतोच, पण त्याहून तो पुन्हा बसण्याचा असतो.

त्या दिवशी दादा शाळेच्या मैदानात मागे बाकावर बसले होते. वाटेत ते काही बोलले नाहीत. दुसऱ्या दिवशी पहाटे मला जाग आली ती पेटीच्या आवाजाने. दार लोटून पाहिले. दादा अंधारातच बसले होते. त्यांनी मध्यम धरला, आणि धरून ठेवूनच वरचा षड्ज दाबला. थांबले. पुन्हा दाबला. पासष्टीचा माणूस, पन्नास वर्षे एका वेळी एकच सूर लावलेला. मी आत गेलो नाही. तिथे जाण्याचा मला अधिकार नव्हता असे वाटले. त्या चापटीबद्दल आम्ही दोघांनीही पुढे कधी काही बोललो नाही. बोलण्यासारखे काही उरलेच नव्हते.

१९९४ मध्ये दादा गेले. १९९६ मध्ये मुलीच्या शिक्षणासाठी पैसे कमी पडले आणि मी पेटी विकली. अठराशे रुपये आले. पिंपळगाव राजाच्या वाटेवरच्या एका गावच्या भजनी मंडळाने ती घेतली. मी स्वतःची समजूत घातली, की घरात धूळ खाण्यापेक्षा ती वाजती राहील. हे खरेही होते. खऱ्या गोष्टींनी घातलेली समजूत सर्वांत लवकर उसवते.

२०१९ च्या जानेवारीत वाचले, की जगप्रसिद्ध चेलोवादक यो-यो मा यांनी मुंबईच्या मैफलीत वनराज भाटियांची एक रचना वाजवली. फार बरे वाटले. १९८९ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार, २०१२ मध्ये पद्मश्री, आणि आता हा मान. त्याच वर्षी सप्टेंबरात दुसरी बातमी आली. ब्याण्णव वर्षांच्या या संगीतकाराजवळ पैसे उरलेले नाहीत, आणि घरातल्या चीजवस्तू विकून दिवस काढावे लागत आहेत. बातमी वाचून मी वर्तमानपत्राची घडी घातली. ती नीट बसेना. मीही घरातली चीजवस्तू विकलेली होती. फरक इतकाच, की मी विकली ती दुसऱ्याने जमवलेली होती.

हजारो जाहिरातींना ज्याने चाली दिल्या, ज्याची सूक्ते एका पिढीच्या कानात आहेत, त्याच्यावर ही वेळ का यावी? उत्तर शोधायला फार लांब जावे लागत नाही. चाल विकली जाते तेव्हा बहुधा एकदाच विकली जाते; ती पुढे किती वेळा वाजली याचा हिशेब चाल देणाऱ्यापर्यंत पोचत नाही. जिनिंगच्या काट्यावर दादा कापूस तोलत, तेव्हा सरकी वेगळी, रुई वेगळी, प्रत्येकाचा भाव वेगळा. सुराला आपण असा काटा अजून बनवलेला नाही. बातमी आल्यावर लोक मदतीला धावले हेही नमूद केले पाहिजे. पण मदत ही मजुरी नव्हे.

७ मे २०२१ रोजी भाटिया गेले. चौऱ्याण्णवावे वर्ष पुरे व्हायला काही दिवस उरले होते. त्या दिवसांत दर घरात कोणी ना कोणी आजारी होते, आणि एका वृद्ध संगीतकाराची बातमी त्या गर्दीत कुठल्या कुठे गेली.

साथ ओसरल्यावर कार्तिकात मी त्या गावाला गेलो. पेटी देवळातच होती. तिच्यावर गजानन महाराजांच्या तसबिरीचा हार अर्धा ओघळला होता. मंडळाचे एक म्हातारे बुवा म्हणाले, "तुमच्या दादाची पेटी लय गोड हाय, गुरुजी. पन दोन सूर मुके झाले." मी भाता उघडला. मध्यम दाबला, तो बोलला. तो धरून ठेवून वरचा षड्ज दाबला. नुसती हवा गेली.

मी ते सूर दुरुस्त करून द्यायचे म्हटले. बुवा म्हणाले, "पॅरिसचे सूर हायत, तशे आता भेटत नाहीत. पन पाहू." अकोल्याच्या कारागिराने दुसऱ्या एका जुन्या पेटीतल्या पत्त्या काढून बसवल्या. खर्च निम्मा मी दिला, निम्मा मंडळाने. सगळा देऊ दिला नाही. पेटी परत आली त्या दिवशी भजनापूर्वी मी तिच्याशी बसलो आणि ते दोन सूर एकदम लावले. समोर बसलेला एक सात-आठ वर्षांचा मुलगा पुढे सरकला आणि विचारू लागला, "आजोबा, हे दोन्ही एकदम वाजवलं तं चालते काय?"

बुवा काही बोलायच्या आत मी म्हणालो, "चालते."